एकोणसत्तर नंबरची लाइन क्लिअर

नोकरीची छत्तीस वर्षं माझ्या टेबलाच्या कुलपाच्या खणात एक कागद असायचा. त्यावर दोन-दोन अंकी आकडे ओळीनं छापलेले: सतरा, ब्याऐंशी, शून्य सहा, चौपन्न. त्यांना ना आगा ना पिछा. वरच्या ऑफिसातून तो बंद पाकिटात यायचा, मी सही करून घ्यायचो आणि ड्युटी संपली की पुढच्या मास्तराची सही घेऊन त्याच्या ताब्यात द्यायचो. लग्नानंतर पहिल्यांदा क्वार्टरवर आलेल्या बायकोनं विचारलं, "एवढं काय जपता त्या कागदाला?" मी म्हटलं, "सरकारी गुपित आहे." तिनं डोकावून बघितलं आणि म्हणाली, "हे तर पाढे चुकलेल्या पोराच्या वहीसारखं दिसतंय." तिचं अगदीच चूक नव्हतं.

मी स्टेशन मास्तर होतो. मोठ्या जंक्शनवरचा, कोट घातलेला, हमाल सलाम ठोकतात तसला नव्हे. नांदेड जिल्ह्यात भोकर मागं टाकलं की तेव्हाची मीटरगेज लाइन जंगलाकडं वळायची आणि इस्लापूर, किनवट करत आदिलाबादकडं जायची. त्या पट्ट्यातल्या एका लहानशा स्टेशनावर मी नोकरीला लागलो. स्टेशनाचं नाव मुद्दाम सांगत नाही. का, ते पुढं कळेलच.

तिकडं रूळ एकच होता. जाणारी गाडी त्यावरूनच आणि येणारीही त्यावरूनच. म्हणून दोन स्टेशनांमधल्या तुकड्यात एका वेळी एकच गाडी असली पाहिजे, हा आमच्या सगळ्या कामाचा पाया. गाडी सोडायची तर आधी पुढच्या स्टेशनच्या मास्तराला फोन करून विचारायचं, रस्ता मोकळा आहे का? त्यानं बघायचं, मागची गाडी पुरती आली का, तिच्या शेवटच्या डब्याची खूण दिसली का; मग रजिस्टर बघायचं; आणि मगच म्हणायचं, "मोकळा आहे, सोडा." ह्या परवानगीला आम्ही लाइन क्लिअर म्हणतो. आता फोनवर "सोडा" काय, कुणीही म्हणेल. मास्तराचा मेहुणा म्हणेल, एखादा पिऊन आलेला गडी म्हणेल. म्हणून परवानगी देणाऱ्यानं आपल्या कागदावरचा पुढचा आकडा सांगायचा आणि तो तिथल्या तिथं खोडायचा. विचारणाऱ्यानं तो परत म्हणून दाखवायचा, आपल्या रजिस्टरात लिहायचा आणि एका तिकिटावर लिहून ड्रायव्हरच्या हातात द्यायचा. ह्या आकड्याला म्हणायचं प्रायव्हेट नंबर. तिकिटावर तो असला म्हणजे पुढच्या स्टेशनानं खरोखर होकार दिलाय, मास्तरानं मनानं गाडी सोडलेली नाही, एवढं सिद्ध होतं.

मागं नांदेडच्या एका कॉलेजात कॉम्प्युटर शिकवणाऱ्या बाईंनी मला पोरांपुढं बोलायला बोलावलं होतं. मी हे सगळं सांगितल्यावर त्या म्हणाल्या, "काका, तुम्ही तर छत्तीस वर्षं अल्गोरिदम चालवत होता की!" पायरीपायरीनं, एकही पायरी न गाळता करायची कृती म्हणजे अल्गोरिदम. हा शब्द म्हणे हजार-बाराशे वर्षांपूर्वी आपल्याकडच्या आकड्यांनी हिशेब कसा करावा, हे लिहून ठेवणाऱ्या एका परदेशी गणितज्ञाच्या नावावरून आलाय. आणि आकडा एकदाच वापरून खोडून टाकणं, ही तर लढाईतल्या गुप्त निरोपांची रीत. तिच्यापुढं भले भले सांकेतिक लिपी फोडणारे हात टेकतात. मला फार भारी वाटलं. इतकी वर्षं लोक विचारायचे, "मास्तर, हिरवी झेंडी दाखवायला एवढा पगार कशाला?" मग मागच्या बाकावरच्या एका मुलीनं विचारलं, "ह्यात चूक कुठं होऊ शकते, सर?" मी म्हटलं, "कुठंच नाही. पायऱ्या पाळल्या तर कुठंच नाही." पोरांनी टाळ्या वाजवल्या. परत येताना ऑटोत मला ते उत्तर टोचत राहिलं. चूक झाली होती, माझ्याच हातून झाली होती आणि तिची किंमत दुसऱ्याच माणसानं मोजली होती. हे दिवाळी अंकासाठी लिहायला बसलो तेही त्यासाठीच.

बहात्तरच्या दुष्काळाचे दिवस. मी चोवीस वर्षांचा आणि नोकरी अजून कच्ची. उदगीरला आमचं किराणा दुकान होतं. अप्पांना माझं रेल्वेत जाणं मुळीच पटलेलं नव्हतं. "दोन वर्षांत परत येशील बघ, मी गादी रिकामीच ठेवतो," असं म्हणून त्यांनी मला बसमध्ये बसवलं होतं. मला त्या गादीची भीती वाटायची. गूळ-शेंगदाण्याच्या वासात आयुष्य काढायचं नाही, एवढंच मला तेव्हा ठाम माहीत होतं.

स्टेशनावर दुपारचे चार-चार तास गाडी नसे. त्या साली पावसानं पाठ फिरवलेली. सहस्रकुंडाला पैनगंगा जिथून कोसळते, तिथं नुसता काळा खडक उघडा पडलेला. आमच्या प्लॅटफॉर्मवरची कडुलिंबाची पानं वाऱ्याशिवाय गळायची. उन्हात लांबवर रूळ ओले दिसायचे, पाणी साचल्यासारखे. मी उठून बघायला जायचो आणि ते पाणी आणखी पुढं सरकायचं. तारांच्या खांबाला कान लावला की आत कोणीतरी गुणगुणतंय असं वाटायचं. मी मूळचाच जरा तंद्रीतला माणूस. त्या कागदावरच्या आकड्यांना माझ्या लेखी चेहरे होते. सतरा ही लाजरी मुलगी, ब्याऐंशी एक जाडजूड सावकार आणि शून्य सहा शाळा बुडवणारा पोरगा. गाडी आली की त्यातला एकजण फोनच्या तारेवरून पुढच्या स्टेशनला चालत जायचा आणि पुन्हा कधी दिसायचा नाही. मला त्याचं थोडं वाईटही वाटायचं.

किनवटच्या बाजूला माझ्या पुढचं जे स्टेशन, तिथं नरसय्या मास्तर होते. तेलुगू माणूस, वयानं पन्नाशीचे. आम्ही एकमेकांना कधी पाहिलेलं नव्हतं. दोघांच्या मध्ये जंगल आणि दोघांची ड्युटी एकाच वेळी, मग भेट होणार कधी? पण दिवसातून दहा-बारा वेळा आवाज भेटायचा. भरदार, संथ आवाज. त्यावरून मी त्यांचा एक माणूस तयार केला होता: उंच, मिशीवाला, पाठीमागं हात बांधून चालणारा. काम झालं की ते विचारायचे, "मास्तर, जेवण झालं का? काय केलं आज?" मी म्हणायचो, "मिलोची भाकरी." मिलो म्हणजे दुष्काळात वाटलेली परदेशी लाल ज्वारी. ते म्हणायचे, "इथं बी तेच. गिळून राहिलो बाबा." आणि हसायचे. ते हसू तारेतून खरखरत यायचं आणि खोलीत बराच वेळ राहायचं.

दुष्काळानं आमच्या गुपितालाही सोडलं नाही. गेटमनची शेळी एका दुपारी खोलीत शिरली. मी गाडीला झेंडी दाखवून परत येतो तर तिच्या तोंडात प्रायव्हेट नंबरचा कागद. अर्धा ओढून काढला, अर्धा गेला. बिचारीला तरी हिरवं काय मिळत होतं? मी इंग्रजीत वर कळवलं की शेळीनं कागद खाल्ला. आठ दिवसांनी पत्र आलं: खाल्लेले आकडे वापरलेले होते की न वापरलेले, याचा ताबडतोब खुलासा करावा. मी खुलासा केला की दोन्ही प्रकारचे होते. नवा कागद आला आणि शेळीला माझ्या खोलीच्या बाजूला फिरकायची बंदी झाली.

त्या गुपिताचं दुसरं गिऱ्हाईक खाजाभाई. प्लॅटफॉर्मवर त्याची चहाची टपरी होती आणि मटक्याचा त्याला भारी नाद. मी फोनवर दोन-दोन आकडे बोलतो, हे त्यानं हेरलं होतं. हे आकडे मुंबईहूनच येत असणार, अशी त्याची पक्की समजूत. तो खिडकीखाली कान लावून बसायचा, ऐकलेला आकडा लावायचा आणि हरायचा. मग मलाच बोलायचा, "क्या मास्तरसाब! कल तुम बयालीस बोले, मैं बयालीस पे लगाया, तो आया सतरा. ऐसा कैसा नंबर देते जी तुम?" मी शपथ घेऊन सांगितलं की हे मटक्याचे नाहीत, रेल्वेचे आहेत. त्यानं डोळा मारला. "वही तो. किसको बोलना नहीं, मालूम है." मग त्याच्यासोबत आणखी दोघं-तिघं बसायला लागले.

नियम असा होता की नंबर आधी सुटा सुटा सांगायचा आणि मग जोडून. म्हणजे सहा, नऊ, एकोणसत्तर. सुटे आकडे सावकाश म्हटले की खिडकीबाहेर स्वच्छ ऐकू जायचे. गुपित फुटतंय म्हणून मी खिडकी लावून घेतली, तर उकाड्यानं जीव जायला लागला. शेवटी मी खिडकी उघडी ठेवली, तोंड फोनच्या अगदी जवळ नेलं आणि नंबर हळू आवाजात, एका दमात, जोडूनच सांगायला लागलो. सुट्या आकड्यांची पायरी गळाली. मला वाटलं, मी गुपित जास्तच चोख सांभाळतोय.

त्या दिवसांत किनवटच्या जंगलात गवत कापून, त्याचे भारे बांधून मालगाडीनं लातूरच्या बाजूला जनावरांच्या छावण्यांवर पाठवत. आम्ही तिला गवतगाडी म्हणायचो. ती जाताना सगळ्या आसमंतात एक हिरवा वास राहायचा आणि स्टेशनावरची माणसं उठून उभी राहायची. एका दुपारी नरसय्या मास्तरांचा फोन आला.

"गवतगाडी उभी हाय माझ्याकडं. लाइन क्लिअर देता का, मास्तर?"

मी बाहेर जाऊन बघितलं, रजिस्टर बघितलं. रस्ता मोकळा होता. कागदावरचा पुढचा आकडा एकोणसत्तर होता. तोंड फोनला लावून मी पुटपुटलो, "लाइन क्लिअर दिली. नंबर एकोणसत्तर."

"एकोणसत्तर," त्यांनी जसंच्या तसं परत म्हटलं.

"हाव," मी म्हटलं आणि आकडा खोडला.

चाळीसेक मिनिटांनी गाडी माझ्या स्टेशनात आली. ड्रायव्हरनं तिकीट दिलं. त्यावर नंबर होता एक्काहत्तर.

मी दोनदा बघितलं. मग फोन उचलला. "मास्तर, तिकिटावर एक्काहत्तर कसं?"

"तुम्हीच बोलला की. एकोणसत्तर. सत्तर आन् वर एक."

माझ्या डोक्यात प्रकाश पडायला क्षणभर लागला. तेलुगूत एकोणसत्तरला सरळ साठ-नऊ म्हणतात, अरवै तॊम्मिदि. आपण मराठी माणसं सत्तरावर जाऊन उभे राहतो आणि तिथून एक पाऊल मागं येतो. एकोण म्हणजे एक उणा. शाळेत पाढे घोकताना आपल्याला त्यात काही नवल वाटत नाही. पण 'एक' आणि 'सत्तर' एवढंच ज्याच्या ओळखीचं, त्यानं ते उणे का करावेत? एरवी सुटे आकडे आधी जायचे, म्हणून हा शब्द आमच्यामध्ये कधी आडवा आला नव्हता. परत म्हणून दाखवायची पायरीही त्यांनी पाळली होती. माझा आवाज माझ्याकडं बिनचूक परत आला होता, अर्थ मात्र तिकडंच राहिला होता.

मी त्यांना समजावलं. ते खदखदा हसले. "अरे बापरे! मोजून राहिले पुढं आन् चालून राहिले मागं. लई अवघड हाय तुमची मराठी." मीही डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसलो. मग ते म्हणाले, "वर लिहून कळवायचं का, मास्तर? नियम तर हाय."

मी म्हटलं, "कशाला? गाडी नीट आली. राहू द्या."

कळवलं असतं तर मला लिहावं लागलं असतं की मी सुटे आकडे सांगितले नाहीत. कच्च्या नोकरीतल्या माणसाला ते महागात पडलं असतं. ते म्हणाले, "बरं. तुम्ही म्हणता तर राहू द्या." मला त्यांचा तो शब्द अजून ऐकू येतो.

दोन महिन्यांनी तपासणी झाली. साहेबांनी दोन्ही स्टेशनांची रजिस्टरं आणि जुनी तिकिटं शेजारी शेजारी ठेवून जुळवली. नरसय्या मास्तरांच्या रजिस्टरात एक्काहत्तर आणि तिकिटावरही एक्काहत्तर. माझ्या रजिस्टरात एकोणसत्तर आणि माझ्या कागदावर खोडलेला आकडाही एकोणसत्तर. बाहेरच्या माणसाला ही दोन आकड्यांची चूक वाटेल. रेल्वेत ह्याचा अर्थ एकच निघतो: त्या मास्तरानं लाइन क्लिअर मिळायच्या आधीच गाडी सोडली आणि नंबर मनानं लिहिला. आमच्या धंद्यात ह्याहून मोठं पाप नाही. शिवाय कारणही हाताशी होतं. गवत लवकर पोचवा म्हणून सगळीकडून तगादा होता, म्हातारा घाईला आला असणार.

चौकशी नांदेडला झाली. मी लवकर पोचलो, म्हणून आधी गोदावरीवर जाऊन आलो. नदीत एक बारीक धार उरली होती आणि बायका वाळूत खड्डे करून वाटीवाटीनं पाणी भरत होत्या. मग ऑफिसात आलो तर बाकावर एक लहानखुरा, टकलू माणूस मांडीवर डबा घेऊन बसला होता. मी त्यांच्यासमोरून दोनदा गेलो. तिसऱ्यांदा ते म्हणाले, "मास्तर ना तुम्ही?" तो भरदार आवाज त्या एवढ्याशा देहातून आलेला पाहून मी चमकलो. मिशीचा पत्ता नव्हता.

आत साहेबांनी मला इंग्रजीत विचारलं, एक्काहत्तर नंबर तुम्ही दिला होता का? मी इंग्रजीतच म्हटलं, नाही. मग कुठला दिला होता? मी म्हटलं, सिक्स्टी नाइन. दोन्ही उत्तरं शंभर टक्के खरी होती. कुठल्या भाषेत दिला, कसा उच्चारला, हे कुणी विचारलं नाही. इंग्रजीत एकोण नसतं, त्यामुळं त्या खोलीत घोटाळ्याला जागाच नव्हती.

नरसय्या मास्तरांना विचारलं तेव्हा ते हिंदीत म्हणाले, "मास्तरांनी लाइन क्लिअर दिली होती, साहेब. मी ऐकून लिहिली. माझ्या कानांची चूक झाली असेल." एवढं बोलून त्यांनी माझ्याकडं बघितलं. मी वर पंख्याकडं बघितलं. पंखा बंद होता. मला डोळ्यांपुढं उदगीरची गादी दिसत होती, अप्पांनी झाडून ठेवलेली.

साहेब म्हणाले, साठ आणि सत्तर यातला फरक ज्याला ऐकू येत नाही त्यानं गाड्या चालवाव्यात का? मग जेवणाची सुटी झाली. बाहेर कडुलिंबाखाली नरसय्या मास्तरांनी डबा उघडला. चिंचेचा भात होता. त्यांनी झाकणात अर्धा काढला आणि माझ्यापुढं केला. "खा, मास्तर. सकाळपासून उपाशी असाल." मी खाल्ला. सगळा खाल्ला. सुटीनंतर मला पुन्हा आत बोलावून जबानी वाचून दाखवली आणि काही भर घालायची आहे का, असं विचारलं. मी नाही म्हटलं आणि सही केली.

त्यांची नोकरी गेली नाही, पण गाड्यांच्या कामावरून त्यांना कायमचं काढलं. लांबच्या एका स्टेशनावर पार्सलच्या खिडकीत बसवलं. लाइनीवरच्या लोकांत त्यांची ओळखच ती झाली, लाइन क्लिअर न घेता गाडी सोडणारा मास्तर. माझी नोकरी पक्की झाली. अप्पांनी गादीवर धाकट्या भावाला बसवलं. मी समजूत करून घेतली की म्हाताऱ्यानं जाणूनबुजून मला वाचवलं, मोठ्या मनाचा माणूस. ही समजूत फार सोयीची होती. तिच्या आधारानं मी दहा वर्षं शांत झोपलो.

दहा वर्षांनी लातूर जिल्हा झाला. मी तेव्हा लातूर रोड ते उदगीर या पट्ट्यातल्या एका स्टेशनावर होतो. उस्मानाबादहून पत्र्याच्या पेट्या भरभरून कागद येत होते. दुकानांच्या पाट्यांवरचं 'जि. उस्मानाबाद' पुसून रंगारी 'जि. लातूर' लिहीत फिरत होते. नवी ऑफिसं, नव्या खुर्च्या आणि त्या खुर्च्यांसाठी चारी दिशांनी येणारी माणसं. स्टेशन कसं स्वप्नातल्यासारखं गजबजलं होतं. मी मान खाली घालून रजिस्टर लिहीत होतो आणि खिडकीतून आवाज आला, "लातूर रोडला जायाला गाडी कवा हाय, मास्तर?"

मी मान वर करायच्या आधीच मला कळलं. आवाज तोच होता, नरसय्या मास्तरांचा.

त्यांना आत नेलं, चहा सांगितला. केस उरलेसुरलेही गेले होते. मराठी मात्र आता झकास बोलत होते. मुलगी पद्मा, नव्या कलेक्टर ऑफिसात टायपिस्ट लागली होती, तिच्याकडं राहायला निघाले होते. मी म्हटलं, "नांदेडला त्या दिवशी मी बोललो नाही."

"हाव."

"तुम्ही मला वाचवलंत. माझं नाव घेतलं नाहीत."

त्यांनी कप खाली ठेवला. "वाचवलं न्हाई, मास्तर. मी वाट बघून राहिलो होतो. मी सांगितलं असतं तर कोण मानलं असतं? म्हातारा पोरावर ढकलून राहिला, म्हणले असते. ते तुम्हीच सांगायचं होतं. जेवणाच्या सुटीत सांगाल वाटलं. मग वाटलं, सही करायच्या आधी सांगाल." मग म्हणाले, "पगाराचं मला काय न्हाई. पद्मा तवा शाळेत होती. रेल्वेच्याच पोरी वर्गात. तुझ्या बापानं नंबर मनानं लिहिला, असं तिला म्हणायच्या. तिनं मला कधी विचारलं न्हाई. इचारलं असतं तर बरं झालं असतं."

त्यांची गाडी आली. मी झेंडी दाखवली आणि खोलीत येऊन दार लावून घेतलं.

त्याच आठवड्यात मी वर तीन पानी जबानी लिहून पाठवली. सुटे आकडे सांगितले नाहीत, एकोणसत्तर हा शब्द मराठीत पुटपुटलो, चूक कळल्यावर कळवू नका असं मीच म्हटलं आणि चौकशीत हे लपवलं. उत्तर यायला पाच महिने लागले. नरसय्या सेवानिवृत्त असल्यानं त्यांचं प्रकरण पुन्हा उघडता येत नाही. मात्र माझा कबुलीजबाब नोंदवून घेतला आहे आणि मला सक्त ताकीद देण्यात येत आहे. माझ्या सेवापुस्तकातला तो एकमेव लाल शेरा. लोक आपली प्रमाणपत्रं जपतात तसं मी ते पत्र घडी करून खिशात घातलं आणि लातूरला गेलो.

पद्माची खोली एका गल्लीत, माडीवर होती. नरसय्या मास्तर गॅलरीत खाटेवर बसले होते. मी पत्र पुढं केलं तर त्यांनी हात लावला नाही. "मला कशाला? मला ठाव हाय. तिला द्या."

ती नुकतीच ऑफिसातून आलेली होती, पदर खोचून कणिक मळत होती. हात धुऊन तिनं पत्र घेतलं. टायपिस्टच ती, इंग्रजी झरझर वाचत गेली. एका ओळीवर थांबली, पुन्हा वर गेली आणि पुन्हा सावकाश वाचत खाली आली.

"म्हणजे नान्नांनी नंबर मनानं लिहिला नव्हता?"

"नाही," मी म्हटलं. "मी दिला होता. त्यांनी विचारला, मी दिला आणि मग त्यांनी गाडी सोडली. सगळं नियमानं केलं त्यांनी. चूक माझी."

तिनं पत्राची घडी घातली. माझ्याकडं बघत म्हणाली, "मग इतकी वर्षं तुम्ही कुठं होता?"

ती उत्तरासाठी थांबली नाही. पत्र घेऊन गॅलरीत गेली आणि बापाच्या पायांशी जमिनीवर बसली. ती काहीतरी विचारत होती आणि ते सांगत होते, हळूहळू, तेलुगूत. मला त्यातले फक्त दोन आकडे कळले, डेब्भै ऒकटि, म्हणजे एक्काहत्तर, आणि अरवै तॊम्मिदि. ती ते पुन्हा पुन्हा विचारत होती. परातीतली कणिक तशीच होती. मी आतच बसून राहिलो.